माशी

पहिला शब्द अडला तो विन्तोव्का.
कोशात अर्थ सरळ होता, रायफल.
पण मुळाशी विन्त, म्हणजे स्क्रू,
आणि मला सुचलं मळसूत्र,
नळीच्या पोटात पिळत गेलेल्या चार खाचा.
त्यांच्यातून गोळी गरगरते, म्हणून सरळ जाते.
नागपूर विद्यापीठाच्या रशियन पदविकेत
हे कुणी शिकवलं नव्हतं.

कामठी छावणी, पत्र्याची खोली, मे महिना.
वाळ्याच्या ताट्यांवर शिपाई पाणी मारायचा
तेवढी दहा मिनिटं कागद हाताला गार लागायचे.
मी पुस्तिका हिंदीत उतरवत होते, दिवसाला चार पानं.
समोर आर्मरर हवालदार डोमाजी निनावे
एकेक भाग चादरीवर मांडून बसलेले.
मी नाव वाचायचे, ते बोट ठेवायचे.

कुरोक. म्हणजे लहान कोंबडा.
"आपल्याकडं घोडा हाय, बाई.
कोंबडं काऊन ठेवलं त्याईनं?"

झात्वोर. म्हणजे बोल्ट,
आणि संन्यासी स्वतःला कोंडून घेतो ती कोठडीही.
निनाव्यांनी बोल्ट मागं ओढला, पुढं सोडला.
"हा तं धोटा."
गोळीबार चौकाच्या मागं त्यांच्या बापाचा माग होता.
"दिवसभर हाच आवाज. पण त्यातून लुगडं निघे."

मूश्का.
नळीच्या टोकावरचा तो इवलासा खिळा.
म्हणजे माशी, मी म्हणाले.
"आपली बी माशीच," ते म्हणाले,
आणि दोन्ही देशांचा एवढा एक करार
आम्ही चहावर साजरा केला.

प्रस्तावनेत वंशावळ होती.
अठराशे एक्क्याण्णवची, तीन रेषांची.
रेष म्हणजे इंचाचा दहावा हिस्सा, एवढं नळीचं तोंड.
संगीन लावून उभी केली तर माणसाएवढी,
आणि नेम जुळवलेला संगीन लावूनच.
ती काढली की गोळी भलतीकडे.
मग नळी कापली.
मग आपली आपण भरणारी आली,
हुशार, नाजूक, चिखलाचं वावडं असलेली.
मग गोळीच आखूड केली,
मग सत्तेचाळीसची,
मग तीच, पण पत्रा ठोकून.

"पत्रा? पेटीसारखा?"
निनाव्यांना पटेना. हाताशी होती ती उचलून
त्यांनी कानाशी हलवली. आत खुळखुळ.
बराच वेळ ऐकत राहिले.
"ढिली हाय म्हणून चालते, बाई.
घट्ट असती तं रेतीनं मेली असती."

पान सत्तेचाळीस मी एका दुपारी घाईत संपवलं.
गोळी उजवीकडे जात असेल तर
माशी डावीकडे सरकवा.
सरळ वाटलं. कुणालाही वाटेल.
चाळीस प्रती छापून गेल्या.

आठ दिवस फायरिंग रेंजवर
सगळ्यांच्या गोळ्या निशाणाच्या बाहेर, मातीच्या बांधात.
जितकं दुरुस्त करावं तितकं बाहेर.
सुभेदारानं शिव्या पोरांना दिल्या,
मग दारूगोळ्याला, मग रशियाला.

नवव्या दिवशी मी आले तेव्हा
चाळीसही प्रती निनाव्यांच्या बाकावर.
पेन्सिलीला थुंकी लावून
ते एकेक डावीकडे खोडत होते,
वर उजवीकडे लिहीत होते,
शाळेतल्या पोरासारखं, शिरोरेघ शेवटी.
साहेबाला काय सांगितलं? मी विचारलं.
"छापखान्याची चूक."
मग वर न बघता,
"चूक जिकडं, माशी तिकडंच न्या लागते, बाई."

एक प्रत माझ्याकडे आहे.
पेन्सिल पुसट झालीय, वाचता येते.
बाकीच्या एकोणचाळीस कुठल्या चौकीत,
कुणाच्या गुडघ्यावर उघडल्या गेल्या
ते मी कधी विचारलं नाही.

फक्त ते आठ दिवस मोजते कधीकधी.
आठ दिवस, शेकडो गोळ्या,
आणि सगळ्या नुसत्या मातीत.