भाड्याचा अंधार

दसरा चौकातल्या हॉलात पोरगं पडदा लावतं, वायरी जोडतं.
म्हणालं, आई, बस मागं, पंखा आहे तिथं.
मनिलाचा जुना पिक्चर. बोलणं भरभर,
खाली अक्षरं पळत होती, ती मला वाचता येत नाहीत.

झोपड्या नाल्यात खांब रोवून उभ्या.
आमच्या शेजारून जयंती नाला जायचा,
वास मात्र रोज उंबरा ओलांडून आत.
नळावर तीस बायका. एका खोलीत आठ जण,
मध्ये फुलाफुलांचा पडदा,
पलीकडं कोण कुशीवर वळलं तेही सगळ्यांना ठाऊक.

त्या पोरीचं मन भलत्याच माणसावर.
किती वेळ दोघं नुसती जागा हुडकत फिरतात!
शेवटी तिकीट काढून टॉकीजमध्ये शिरतात.
तिथं मी पदर तोंडाशी धरला.

मालन,
सुभाषनगरात, तुझ्या दिराच्या पोटमाळ्याखाली
आपण कापशीच्या वेण्या घालायचो,
जोडाला बारा आणे.
तुझी बोटं खळीनं चिकट, माझी आरीनं टोचलेली.
सासू, दीर, दिराची पोरं,
कातड्याचे गठ्ठे, बाभळीच्या सालीचा दर्प,
आणि आपल्या गुडघ्यांमध्ये चार बोटं जागा.
तेवढीच आपली.

बुधवारी मॅटिनी. थर्ड क्लास.
दोन बायका पिक्चरला गेल्या, त्यात कोण काय बघणार?
घरी कुणी विचारलं तर गोष्ट सांगता यावी
म्हणून शेवटची दहा मिनिटं तेवढी बघायचो.
बाकी अडीच तास अंधार,
आपण भाड्यानं घेतलेला,
त्यात तुझी बोटं माझ्या बोटांत,
एकाआड एक, ओढून घट्ट,
जणू उद्या गिऱ्हाईकाला द्यायचीत.

मग तुझा नवरा निपाणीला तंबाखूच्या वखारीत लागला.
टेम्पोत चूल, बोचकी, त्यावर तू.
मागं वळून बघितलं नाहीस.
बरं केलंस. दीर दारातच उभा होता.
टॉकीज पाडली, आता तिथं गाड्या लावतात,
पावती फाडणारा पोरगा मला आजी म्हणतो.

पडद्यावरची पोरगी एकटीच बाजारात शिरली
आणि दिवे लागले. लोक टाळ्या वाजवू का नको करत होते.
पोरानं वायर गुंडाळता गुंडाळता विचारलं,
कळलं का काय?
म्हटलं, व्हय.
तिथंबी पाणी पहाटंच येतं.