कायमचा पत्ता

कमिटीनं मला फॉर्म भरायला बसवलं
शेडबाळच्या माळावर, चिंचेखाली.
माझं अक्षर बरं, आणि शिव्या
कानडीतल्या, मराठीतल्या, दोन्ही कळतात.

घोड्याचं नाव. मालकाचं नाव.
रंग: काळा, पांढरा, तपकिरी, एकावर खूण करा.
मायाप्पा हराळे म्हणाला, सबजा लिव्हा.
सबजाला चौकोन नव्हता.
कुमाईतला नव्हता, अबलखला नव्हता,
पंचकल्याणी तर मलाच समजावून घ्यावा लागला
एका बिडीच्या अवधीत.

कायमचा पत्ता?

"गेल्या अवसेला कुडचीपल्याड, पाटलाच्या खोडव्यात
बसवली हुती मेंढरं. आता हितं.
पाणी उतरलं की म्हैसाळच्या अंगानं वर.
मधी एक दगड लागतोय, तितं राज्य बदलतंय म्हणं.
कवडी त्येला पाठ घासती."

कवडी उभी होती. पाठीवर
वाघूर, घोंगडी, तवा,
पिशवीतून माना काढलेली दोन कोकरं,
आणि सगळ्यांच्या वर, बुट्टीत,
अंड्यांवर बसून आलेली कोंबडी.

म्हातारी लगमव्वा सांगत होती, मी लिहिलं नाही
(रकाना नव्हता):
आधी शर्यत दोरीपाशी संपायचीच नाही.
संसार उतरवायचा, उघड्या पाठीवर पोर बसवायचं,
वड्यापर्यंत जाऊन यायचं,
आणि मग पुन्हा सगळा संसार लादायचा.
ज्याचं घर पहिलं चालू लागेल
त्याचा नारळ.
अंडं फुटलं तर बाद.

"त्यात फार वेळ जातो," कमिटी म्हणाली.
बॅनरवर साखर कारखाना हात जोडून उभा होता:
परंपरा जपूया.
फक्कीची पांढरी रेघ. मोबाईलमधलं घड्याळ.

पत्ता मी लिहिला: चिंचेखाली, शेडबाळ.
रिकामा फॉर्म चालत नव्हता.

अकरा वर्षांची हालव्वा बसली कवडीवर,
खोगीर नाही, रिकीब नाही,
आयाळीत बोटं, टाचा पोटाला.
मी पेन धरून उभा राहिलो.
धुरळ्यातून आधी तिची रिबीन आली, मग घोडी.
दुसरा नंबर.

स्पीकरनं तीनदा पुकारलं.
कन्नडमध्ये एकदा, मराठीत दोनदा.
पण रेघेपलीकडं लगमव्वानं वाघूर चढवलं होतं,
हालव्वा कोकरं देत होती,
मायाप्पा दोरीला दातानं गाठ मारत होता,
आणि कोंबडी, कुरकुरत, आपल्या जागेवर.
कुणी घड्याळ लावलं नव्हतं.

संध्याकाळी मी चिंचेखाली गेलो, कप घेऊन.
तीन दगड. राख अजून कोमट.
शेतवाला लेंड्यांकडं बघून खूश होता.

कप शाळेच्या कपाटात आहे,
खडू ठेवतो त्यात.
औंदा ते रायबागच्या वाटेनं गेले, असं ऐकतो.
कमिटीनं मात्र पत्र धाडलंय त्यांना,
माझ्याच अक्षरातल्या पत्त्यावर,
आणि पोस्टमन चिंचेखाली उभा राहून
मला हाक मारतोय.