सातवी फरशी

कोडंबाक्कमच्या त्या स्टुडिओत माइक एकच होता
आणि खाली करड्या फरश्या.
पहिल्या फरशीवर नायिकेचा आवाज,
तिसरीवर व्हायोलिनं,
पाचवीवर बासरीवाला मुरुगय्या,
आणि सातवीवर कोरसच्या मुली,
चपला दाराबाहेर, कारण चपला वाजतात.

खडूनं खुणा मी करायचो.
कोण किती लांब हे मी ठरवायचो,
म्हणजे ठरवायचे दुसरेच, मी फक्त वाकायचो.

तैयलनायकी मायावरमहून आली ती सोळाची.
बाप देवळात तविल वाजवायचा,
त्याच्या शेजारी बसून बसून
मुलगी तालाला पक्की झाली
आणि डाव्या कानानं अधू.
म्हणून ती जरा तिरपी उभी राहायची,
जणू दारातून कुणी हाक मारलीय.

दिवसाचे पंधरा रुपये.
व्हाउचरवर महसुली तिकीट,
त्यावर तिची लांबलचक सही, शेवटचं अक्षर कागदाबाहेर.
पडद्यावर नावं यायची त्यात ती ‘आणि समूह’.
अकरा वर्षांत ती नवरीच्या मैत्रिणी झाली,
नावाड्यांच्या बायका झाली,
रानातला प्रतिध्वनी,
एकदा तर नुसती उचकी,
तिचे आठ रुपये वेगळे मिळाले.

मग आडी महिन्यातल्या एका मंगळवारी
रंगमणी अम्मांचा घसा बसला.
ऊटीला नायिका तयार, कॅमेरा तयार,
रात्रीच्या गाडीनं टेपचा डबा जायलाच हवा.
संगीतकारांनी चष्मा पुसला,
परत घातला,
आणि मागे पाहिलं.

ती आली. पदर खोचलेला, केसांत कालची अबोली.
सवयीनं दुसऱ्याच फरशीवर थांबली.
मी म्हटलं, अक्का, अजून पुढे.

गाणं तुम्ही ऐकलं असेल. तिकडे सगळ्यांनी ऐकलंय.
लग्नांत, सलूनमध्ये, तेनकासीच्या बसमध्ये.
दुसऱ्या कडव्याआधी एक श्वास आहे,
लहानसा, घाईचा,
पाण्यात उतरताना घेतात तसा.
रंगमणी अम्मांचा श्वास कधी कुणाला ऐकू आला नाही.
तबकडीवर मात्र नाव त्यांचंच छापलं,
लेबलं आधीच तयार होती म्हणे.
त्यांनी तिला एक कांचीपुरम धाडलं.
सोबत चिठ्ठी नव्हती.

सोमवारी मी सातव्या फरशीवरची खूण
पुन्हा गडद केली.

पुढे की-बोर्ड आला, एका पेटीत पन्नास बायका.
स्टुडिओ पाडून लग्नाचं सभागृह झालं.
तिथं ते गाणं वाजतंच.

परवा नातीनं फोनवर लावलं,
म्हणाली, ताता, ऐका, नवीन केलंय, किती स्वच्छ.
खरंच स्वच्छ होतं.
मी दुसऱ्या कडव्याची वाट पाहिली.
श्वास नव्हता.
कुणीतरी तो धूळ समजून झाडून टाकला होता.

अंबत्तूरला गेलो. दोन खोल्या, दारात कोलम,
ती आता एकोणऐंशी.
उजव्या कानाशी तोंड नेऊन सगळं सांगितलं,
माझाच आवाज फाटला.
ती हसली.
‘बरं झालं. चूकच होती ती.
मी तेव्हाच म्हटलं होतं, अजून एक टेक द्या.
तुम्हीच म्हणालात, टेप महाग आहे.’

म्हणालो असेन.

मग ती कॉफी करायला आत गेली.
दूध वर येईपर्यंत काहीतरी गुणगुणत होती,
शब्द नसलेलं,
शेजारच्या मिक्सरखाली अर्धं बुडालेलं.
मी मोजलं: उंबरठा, मोरी, शेगडी,
सात नाही, नऊ फरश्या.
मांडीवर माझी दोन बोटं
आपोआप एक बटण
उजवीकडे फिरवू लागली.