ओरी आहे

दांडिया बाजारात आमचा स्टुडिओ.
पासपोर्ट फोटो अर्ध्या तासात, लग्नाचे आल्बम सवडीने.
सत्त्याऐंशीच्या डिसेंबरात एक बाई आली,
पोटऱ्यांपर्यंत विश्वामित्रीचा चिखल,
हातात बिस्किटांचा डबा, डब्यात फिल्म.
किजिमा हारुए.
अण्णा तिसऱ्या दिवशी हारूबेन म्हणायला लागले.

नऊ दिवस तिने ती फिल्म काठावर पुरली होती,
जिथे मगरी ऊन खात पडतात तिथेच.
अण्णांनी बादलीत धुतली, बोलत बोलत:
चांगल्या मालाची माती.
नासलेला भाग कापायला निघाले
तर तिने त्यांचं मनगट धरलं.
तेवढाच तिला हवा होता.

हिशेब तिने एकदाच सांगितला, चहा गार होईपर्यंत:
तेवीस वर्षं, अकरा फिल्मा,
सगळ्या मिळून एक तास छप्पन्न मिनिटं.
दिवसा नागोयात टपाल लावायचं,
रात्री न्हाणीत फिल्म धुवायची.
एकीत फक्त सासूचा टेबलफॅन.
एकीत तेही नाही, नुसते सुईचे ओरखडे,
ती बघताना तिघं उठून गेले,
चौथा झोपला होता.

मागच्या खोलीत दोरीवर फिल्म वाळत होती.
अण्णा सगळ्यांना बजावत: ओली आहे, हात लावू नका.
मला, गिऱ्हाइकांना, माशांना, तिलाही.

मग भिंतीला पलंगपोस, आम्ही सात जण.
तीन मिनिटं पाणी.
पाण्यावर बुरशी उमलत गेली, काळ्याची पांढरी.
शेजारच्या जयंतीभाईंना राहवेना:
मगर क्यां छे?
‘जमवा गयो,’ ती म्हणाली.
गुजराती कुठे शिकली कोण जाणे.

परवा तिच्या भाचीचं पार्सल आलं.
डबा, आणि एक यादी.
विद्यापीठातल्या एका मुलाकडून वाचून घेतली.
बारावी शेवटची. वडोदरा, तीन मिनिटं चार सेकंद.
नाव त्याने अडखळत वाचलं:
‘ओरी आहे.’
म्हणाला, याचा अर्थ लागत नाही.

प्रोजेक्टर कधीच भंगारात गेला.
ट्यूबलाइटसमोर फिल्म धरून सरकवत गेलो,
पाणी, पाणी, बुरशी,
आणि चार चौकटींवर आडवा पसरलेला एक अंगठा,
मधोमध कटरची जुनी खूण.

सगळ्यांना बजावायचे.

खालून हाक आली, गिऱ्हाईक आहे म्हणून.
फिल्म ठेवता ठेवता
उगाच बोट टेकवून पाहिलं,
वाळली का.