शून्याचं टोक

टेपचं शून्याचं टोक धरायला त्यांना माणूस हवा होता.
मी जिन्याखालीच असते, फॉल-पिकोचं मशीन घेऊन.
"मावशी, जरा मागच्या भिंतीला लावून धरा,"
बिल्डरचा मुलगा म्हणाला, आणि फीत सोडत सोडत
खडकी बाजाराच्या उजेडात गेला.

दर्शनी भिंतीवर गिलाव्यात साल आहे. एकोणीसशे अठ्ठावीस.
किंवा सव्वीस. इंग्रजी आठाचा वरचा गोळा अर्धा पडलाय,
त्यामुळे सहाही म्हणता येतं.
खाली : फिदाअली कांचवाला अँड सन्स.
सन्स तेव्हा एकच होता, तोही पाळण्यात.

तळाला काचसामान, बिस्किटांचे डबे, टॉमींसाठी बुटांचं पॉलिश.
वर कापड.
आणि डोक्यावरून तारा –
पैसे लाकडी वाटीत घालून दोरी ओढली
की वाटी सणसणत रंगनायकी मुदलियारच्या पिंजऱ्यात,
आणि तिथून सुट्टे परत. गरम असायचे, वडील सांगत.
सुट्टे गरम कसे असतील,
हे मी कधी विचारलं नाही.

वडील, काशिनाथ उंद्रे, कापडाच्या काउंटरला एकतीस वर्षं.
काउंटरच्या कडेला पितळी पट्टी ठोकलेली, बरोबर एक वार.
सरकारनं मीटर आणला तेव्हा
सुतारानं पट्टीच्या पुढे सव्वातीन इंचांवर
किंचित अंदाजानं एक खिळा मारला.
गिऱ्हाइकं महिनाभर भांडली.
नऊवारी नऊवारीच राहिली.

पट्टीवरच्या खुणा माझ्या लहानपणीच अंगठ्यांनी पुसल्या होत्या.
वडील तिकडे बघतही नसत.
माप संपलं की एक बोट सोडून कात्री लावत.
ते बोट शेठच्या खात्यावर.
"जास्त गेलं तर कापड जातं,
कमी गेलं तर गिऱ्हाईक."

सात तारखेला दारूगोळा कारखान्याचा भोंगा झाला
की हा जिना हलायचा.

मग कमी हलायला लागला. रेडिमेड आलं.
वाट्यांची तार कुणीतरी कपडे वाळत घालायला नेली.
रंगनायकीबाई वेल्लोरला बहिणीकडे गेल्या, पिंजऱ्याची किल्ली घेऊन.
वरती पोलीस भरतीचा क्लास,
एका निवडणुकीपुरतं ऑफिस
(झेंडे अजून माळ्यावर आहेत, दोन्ही पक्षांचे),
आता मोबाईलची कव्हरं.
विकायला काढलं तेव्हा अकरा सह्या लागल्या.
सन्स शेवटी खरोखरच सन्स झाले.

"मावशी, नीट धरलंय ना?"
तीनदा मोजलं त्यानं.
कँटोन्मेंटच्या जुन्या नकाशावर बोट ठेवून उभा राहिला.
इमारत दीड फूट रस्त्यात होती.
पहिल्या दिवसापासून. शंभराला दोन-चार कमी वर्षं
अख्खा बाजार तिला वळसा घालून चालत होता.

मी हिशोब करून पाहिला :
दिवसाला साठ तुकडे धरले, तुकड्याला एक बोट,
रविवार वगळून, ईद वगळून...
तेवढ्यात एक बाई साडी घेऊन आली, रंग जुळत नव्हता.

तिसऱ्या वेळी मी शून्य भिंतीपासून
बोटभर पुढे धरलं होतं, हे सांगून टाकते.
त्यानं तरी दीडच लिहिलं.

"सोडा," तो ओरडला.
मी अंगठा उचलला
आणि फीत सणसणत दुकानभर गेली,
सुट्टे आणायला गेल्यासारखी.