पट्टा नंबर चारशे बारा

चेहरा भोकांचा होतो,
हे मला आठव्या वर्षीच कळलं.
साखर पेठेत, आमच्या पत्र्याच्या शेडमध्ये
बाप ग्राफ कागदावर चौकोन भरायचा,
काळा, पांढरा, परत काळा,
मग पुठ्ठ्याच्या पट्ट्यांवर ठोसे.
एक भोक म्हणजे एक दोरा वर.
दोन हजार पट्टे ओवून जेकार्डवर चढवले
की खालून हळूहळू, हनुवटीकडून,
उगवायचा महापुरुष.

देश नवा होता. भिंती रिकाम्या होत्या.

लच्चव्वा आत्यानं त्याला पाहिलेलं,
गिरणीच्या फाटकाशी, भोंग्याच्या आधी.
ती नऊ वर्षांची, काखेत विडीपानांचं गाठोडं.
सांगायची: बुटका होता.
चपलेचा अंगठा तुटलेला, सुतळीनं बांधलेला.
बोलायला उभा राहिला तर खोकलाच आला,
कागद उलटा धरला, पहिलं वाक्य हरवलं.
हिनं आपला पेला पुढे केला.
पाणी पिऊन तो म्हणाला,
‘मला भीती वाटते. तुम्हालाही वाटत असेल.
तरी उद्या येऊ.’
एवढंच भाषण.
आणि दुसऱ्या दिवशी आला की, त्याच चपलेवर,
बंदुकीवाले समोर उभे असताना.

माणसं किती होती गं?
‘एक घागर होती. सगळ्यांना पुरली.’

पुढे त्या फाटकाशी उभे असलेले वाढत गेले.
हजार झाले, मग लाख,
जे तेव्हा पाळण्यात होते तेही
पहिल्या रांगेत होते.
फाटक मात्र राहिलं तेवढंच,
कापसाची एक गाडी जेमतेम आत जाईल असं.

ऑर्डरी यायच्या चिठ्ठ्यांसकट:
उंची द्या. छाती भरा. मान ताठ हवी.
सुतळीचं बाप विचारूनही पाहायचा नाही.
सुतळीला चार दोरे जादा लागतात,
आणि खोकला विणायचा कसा
ते कुठल्याच मास्तरनं शिकवलं नव्हतं.

एका रात्री दिवे गेले.
कंदिलाच्या उजेडात बापानं
पट्टा नंबर चारशे बारा
चारशे आठच्या आधी ओवला.
साठ पीस उतरल्यावर दिसलं:
डावी भुवई एक बोट वर.
बाप मागाच्या खड्ड्यात पाय सोडून
सकाळपर्यंत तसाच बसून राहिला.

व्यापारी आला, पीस झटकला, लांब धरला.
‘काय जरब आहे बे! अगदी असाच होता.’

मग ती भुवई चालू लागली.
मूर्तिकारानं नमुना म्हणून आमचाच पीस नेला,
भुवई पंचधातूची झाली.
पुस्तकात छापली गेली, तिकिटावर आली.
त्याच्यासोबत तुरुंगात दळण दळलेले म्हातारे
व्यासपीठावर सांगू लागले,
‘साहेबानं भुवई उचलली
की जेलर मागे सरायचा.’
खोटं बोलत नव्हते.
त्यांना खरंच आठवत होतं.
शाळेच्या नाटकात त्याचं काम मला मिळालं,
कारण वर्गात भुवई मलाच एकट्याला उचलता यायची.

पुतळा उघडला त्या दिवशी
आत्याला खांद्याला धरून नेलं.
पडदा पडला, टाळ्या, कबुतरं.
ती मान वर करून बराच वेळ पाहत राहिली.
मग माझ्या कानाशी,
‘कोण की रे हा? नवा कलेक्टर?’

बापानं पुढे चारशे बारा जागेवर लावला,
एकच पीस काढला, भुवई सरळ,
सुतळीचे चार दोरे पदरचे घालून.
महिन्यात तो परत आला.
सोबत चिठ्ठी: चेहरा जमलेला नाही.

तो आत्यानं मागून घेतला.
भिंतीला नाही लावला, थंडीत पायावर घेते.
रात्री तिला खोकला येतो हल्ली.
उशाशी पेला असतो,
तोच, काठ जरा चेपलेला.