तीन मोजायचे

वागळे इस्टेटीत, आता जिथे काचेचा बँक्वेट हॉल आहे
तिथे आमचं कँटीन होतं.
शनिवारी शिफ्ट सुटली की टेबलं जोडून स्टेज.
तांडेल चेंदणी कोळीवाड्यातला, पिंपासारखा,
आणि मी ताम्हाणे, सुतळीसारखा.
तो बोलला की लोक हसत.
मी बोललो की लोक त्याच्याकडे बघत.

शिकवलं लोडेसाहेबानं.
जर्मन. ग्राइंडिंगची मशिनं बसवायला आलेला.
बोंबील खाऊन दोन दिवस आडवा,
तिसऱ्या दिवशी पुन्हा बोंबील.
त्यानं सांगितलं, लढाई संपली त्या हिवाळ्यात
त्याच्या गावच्या थेटराला छप्पर नव्हतं.
तिकिटाला पैसे नकोत, कोळशाचा एक खडा आणा.
स्टेजवर दोघे, एक बॅगवाला, एक स्टेशनमास्तर.
'गाडी कधी?'
'सव्वानऊला.'
'आणि रूळ कुठायत?'
'ते मला विचारू नका, मी वेळापत्रकाचा माणूस.'
लोक ओव्हरकोटात हसले, म्हणाला,
तोंडातोंडातून वाफ निघाली,
हसू डोळ्यांना दिसलं.
मग माझ्याकडे बोट: विचारणारा महत्त्वाचा.
विचारून तीन मोजायचे.
दोनवर घाई केलीस तर विनोद कच्चा,
चारवर शिळा.

आम्ही रुळांचा नळ केला.
'पाणी कधी?'
'साडेचारला.'
'आणि नळ कुठाय?'
एक. दोन. तीन.
'तो पुढच्या पंचवार्षिकात.'
कोपरीच्या गणपतीत केलं, कळव्याच्या कॉलनीत,
बेलापूर रोडला एका रंगाच्या कंपनीत,
जिथे मॅनेजर पोट धरून हसला
आणि पाकिटात अकरा रुपये घातले, दोघांत.

टाळेबंदीत गेटवर केलं.
'कंपनी कधी उघडणार?'
मी तीन मोजले.
पाच मोजले.
तांडेल गप्प.
पब्लिकला वाटलं, हाच विनोद.
हसले ते.

परवा त्याच्या बाराव्याला गेलो.
चांगुणावहिनी सुकटीच्या टोपल्या झाकत होत्या.
आमचा एकही खेळ त्यांनी पाहिला नव्हता.
काहीतरी बोलायचं म्हणून म्हटलं,
घर आता फार शांत झालं असेल.
'तो शांतच व्हता,' त्या म्हणाल्या.
'रातीला जेवताना कायतरी इचाराचा,
थोबार लाकराचा करून,
नि थांबाचा.
मंगं मी बोलाची.
सगला शेजार हसाचा.'

म्हणजे घरी तो माझं काम करत होता.
तीस वर्षं, मला न सांगता.
आणि बरं करत होता म्हणे.
मी चहा तसाच ठेवून उठलो,
चपला सापडेनात, दुसऱ्याच कुणाच्या घातल्या,
खाडीचा वास नाक्यापर्यंत सोबत आला.

रिक्षावाल्याला विचारलं, 'नौपाडा?'
एक. दोन.

तो दोनवरच निघून गेला.
कच्चा.